भट्टीपर्यंतची वाट

उत्तर न दिलेलं पत्र पुस्तकात खूण म्हणून ठेवू नये. पुस्तक पुढे सरकत नाही. मी रोज संध्याकाळी ते उघडायचो, पत्र बाहेर काढायचो, वाचायचो, आणि पुन्हा त्याच पानात घालून ठेवायचो. सूनबाईच्या नजरेतून काही सुटत नाही.

"बाबा, उत्तर लिहिताय की ग्रंथ?" टेबलाखालचे चुरगळलेले कागद गोळा करत ती म्हणाली. "रद्दीवाला खूश होईल तुमच्यावर."

"विचारलंय ते सोपं नाही गं."

"मग सोपं नाही, एवढं तरी कळवा. ती बिचारी डोळे लावून बसली असेल."

तिचं बरोबर होतं. पण बरोबर असलेल्या गोष्टी मला लगेच करता येत नाहीत. हा स्वभाव जन्माचा आहे. बायको होती तोवर ती ढकलायची.

पत्र विस्तवाच्या मुलीचं होतं. विस्तव म्हणजे काचेच्या कारखान्यातला भट्टीवाला. त्याला सगळे त्याच नावाने ओळखत, आणि माणूस मात्र असा थंड की जवळ बसलं तर आपलाच ताप उतरावा. तिने लिहिलं होतं:

"काका, तुम्ही मला ओळखणार नाही. कारखान्याच्या गेटवर तुम्ही पांढरी रेघ मारायचात तेव्हा मी आईच्या मांडीवर, नाहीतर तुमच्या स्टुलाखाली असायचे. बाबा मागच्या वर्षी गेले. मी आता हॉस्पिटलात डायलिसिसच्या मशीनवर कामाला असते. आमचा संप होणार आहे. मागणी खरी आहे, एकेकीवर दोघींचं काम पडतंय. पण काही जणी म्हणतात, गेट पूर्ण बंद करू, पेशंटसुद्धा आत नको, त्याशिवाय वरच्यांना जाग येणार नाही. मशीन लागणाऱ्या पेशंटला ठरल्या दिवशी यावंच लागतं हो. मी आत गेले तर फितूर. नाही गेले तर काय, ते मला लिहवत नाही. कारखान्याच्या त्या संपात बाबा आत जायचे एवढं आठवतं. त्यांच्या पायाचं काय झालं ते आईनं कधी धड सांगितलं नाही, आणि मामा विषयच काढू देत नाही. तुम्ही रोज तिथं होता. बाबा आत गेले ते बरोबर होतं का, एवढंच सांगा."

एवढंच! मी आयुष्यभर कामगार न्यायालयात कारकून होतो. बरोबर-चूक ठरवणारे खुर्चीवर बसत. मी त्यांनी ठरवलेल्याच्या प्रती काढत असे. माझं मत कोणी कधी विचारलं नव्हतं, आणि त्याबद्दल माझी तक्रारही नव्हती.

त्या संपाच्या वेळी मालक न्यायालयात आला आणि न्यायाधीशांनी हुकूम दिला. कामगारांना गेटसमोर शांतपणे बसायचा, घोषणा द्यायचा हक्क आहे. मात्र आत जाणाऱ्या-येणाऱ्या कोणालाही अडवायचं नाही, आणि कोणाला जबरदस्तीने आत न्यायचंही नाही. दोन्ही बाजूंच्या मधे एक गाडी जाईल एवढी वाट मोकळी राहावी. ती वाट आखायला आणि रोजचा अहवाल द्यायला न्यायालयाचा माणूस गेटवर बसेल. तो माणूस मी झालो, कारण बाकीच्यांनी आधीच आजारपणाच्या रजा टाकल्या होत्या. मला एवढं सुचलं नाही.

खेळाच्या मैदानावर आखायला वापरतात ती फक्की मी डब्यातून नेत असे. गेटपासून रस्त्यापर्यंत दोन रेघा. एका बाजूला ताडपत्रीखाली संपवाले, दुसऱ्या बाजूला कारखान्याचे रखवालदार, मधल्या कडेला माझं स्टूल आणि छत्री. संध्याकाळपर्यंत रेघा पुसट व्हायच्या, सकाळी मी पुन्हा मारायचो.

"आले आले, फक्कीसाहेब आले!" ताडपत्रीखालून आरोळी यायची. "अहो, काल रेघ आमच्या पोटावर होती, आज छातीवर आलीय. उद्या काय गळ्यावर आणणार का?"

रखवालदार म्हणायचे, रेघ त्यांनीच पायानं सरकवली. मी दोघांकडे बघून हसायचो. मला दुसरं काही येत नव्हतं.

पहिल्याच दिवशी विस्तव रेघेपाशी आला आणि त्याने पायातल्या चपला काढून नीट जोडीने रेघेवर ठेवल्या.

मी घाबरत म्हणालो, "अहो, रेघेवर काही ठेवायचं नाही. अडथळा होतो."

"साहेब, या चपला नाहीत," तो म्हणाला. "जामीन आहे."

मला कळलं नाही हे त्याला कळलं असावं. तो माझ्या स्टुलापाशी उकिडवा बसला. आत साचेखात्यात फरशीभर काचा पडलेल्या असतात, पायात काही घातल्याशिवाय तिथे पाऊल टाकता येत नाही. फक्त गेटपासून भट्टीपर्यंतची वाट रोज झाडलेली असते. म्हणजे अनवाणी माणूस भट्टीपर्यंत जाऊ शकतो, कोळसा घालू शकतो, परत येऊ शकतो. काम करू शकत नाही. जुन्या लोकांनी कधीच्या काळी एका संपात काढलेली ही तोड होती. आत जाणारा भट्टीवाला चपला संपवाल्यांच्या स्वाधीन करून जाई, आणि बाहेर येऊन त्यांच्या समोर त्या घाली.

"आणि भट्टी विझू दिली तर?" मी विचारलं.

"काचेचा रस तिच्या पोटातच दगड होतो साहेब. मग भट्टी फुटते. नवी बांधेल की मालक. पण दुसरीकडं बांधेल, जिथं आपण नसू." तो उठला. "आगीला संप नसतो."

"आणि आगीच्या बायकोला?" मागून त्याची बायको म्हणाली. ती मुलीला घेऊन रोज ताडपत्रीखाली बसायची. "घरी विझलेल्या चुलीला कधी फुंकर घालत नाहीत, भाऊ. सगळी माया त्या भट्टीवर. सवत बरी तिच्यापेक्षा, निदान म्हातारी तरी झाली असती."

सगळे हसले. सगळ्यांत मोठ्याने हसला तिचा धाकटा भाऊ, म्हणजे विस्तवाचा मेव्हणा. तोच संपाचा पुढारी होता. उंच, काटक, आवाज कर्ण्यासारखा. मागणी त्यानेच लिहून काढली होती: उन्हाळ्यात भट्टीपुढची पाळी लहान करा, माणसं चक्कर येऊन पडतात. मी त्या कारखान्याचे अपघाताचे कागद पाहिले होते. मागणी खोटी नव्हती.

असे बरेच दिवस गेले. विस्तव आणि त्याचे दोन सोबती पाळीपाळीने आत जात, चपला रेघेवर राहत, बायका त्यांच्यावर ऊन आलं तर त्या सावलीत सरकवत. मी अहवालात लिहीत असे, 'शांतता आहे.' घरी मला झोप लागत नसे. शांतता कशाला म्हणतात याचीच मला खात्री नव्हती.

मग एका सकाळी मालकाने बाहेरून माणसं आणली. ट्रक रेघांच्या मधून आत गेला. कोणी दगड उचलला नाही, कोणी ट्रकला हात लावला नाही. संपवाले दोन पावलं मागे सरले आणि नुसते बघत राहिले. ट्रकमधली माणसं मान खाली घालून बसली होती. त्यांच्याही घरी चुली असणारच. हुकुमाप्रमाणे सगळं अगदी नीट झालं. मी फक्कीचा डबा पोटाशी धरून उभा होतो, आणि मला कोणाच्याही तोंडाकडे बघवत नव्हतं.

दुपारी विस्तवाची पाळी आली. तो चपला काढायला वाकला तेव्हा मेव्हणा त्याच्या पुढ्यात येऊन उभा राहिला.

"दाजी, आज नाही."

"का रे?"

"का म्हणजे? तुम्ही भट्टी तापवणार, ते बाटल्या काढणार. मग आम्ही इथं काय माशा मारायला बसलोय? तुम्ही आहात म्हणून मालक आत निवांत आहे. विझू दे एकदा. उद्या गुडघ्यावर येतो की नाही बघा."

"उद्या तो गुडघ्यावर येईल," विस्तव म्हणाला. "आणि परवा?"

"परवाचं परवा!"

"भट्टी परवाचं परवा बघत नाही बाबा."

"तुम्हाला माणसांपेक्षा भट्टी मोठी. ताई म्हणते ते खोटं नाही."

सगळी ताडपत्री उठून उभी राहिली होती. कोणी म्हणत होता जाऊ द्या, कोणी म्हणत होता पाय तोडू. माझ्या खिशात हुकुमाची प्रत होती. कोणालाही अडवायचं नाही. मी पुढे झालो.

"हे बघा, तुम्हाला आत जायचा हक्क आहे," मी विस्तवाला म्हणालो. माझा आवाज मलाच ऐकू येत नव्हता. "मी पोलिसांना सांगितलं तर ते तुम्हाला नेऊन सोडतील."

त्याने माझ्याकडे पाहिलं. रागाने नाही; लहान मुलाला समजावताना बघतात तसं.

"कागदाच्या जोरावर आत जाता येईल साहेब. पण मग बाहेर येऊन चपला कोणाकडं मागू?"

आणि तो रेघेवरच बसला. आत नाही, बाहेर नाही. "तुम्ही म्हणाल तेव्हा जाईन," तो मेव्हण्याला म्हणाला. "नाही म्हणालात तर नाही जाणार. पण नाही म्हणायचं तर सगळ्यांनी मिळून म्हणा, आणि धुराड्याकडं बघत म्हणा."

मग जे सुरू झालं ते मला आजही अस्वस्थ करतं. कोणी काही करत नव्हतं. सगळे नुसते धुराड्याकडे बघत होते. धूर आधी जाड होता, मग राखाडी झाला, मग त्यातून पलीकडचं आभाळ दिसायला लागलं. आतला सोबती दोनदा गेटपर्यंत येऊन हाताने खुणा करून गेला: माझ्याच्याने एकट्याने होत नाही. व्यवस्थापक गेटच्या जाळीमागे येरझाऱ्या घालत होता. विस्तव डोळे मिटून बसला होता, पण त्याच्या पायाची बोटं सारखी हलत होती. मेव्हण्याने कर्णा हातात घेतला, तोंडापाशी नेला, खाली ठेवला. त्यालाही धूर दिसत होता. त्याचा बाप त्याच भट्टीवर राबला होता.

शेवटी विस्तवाची बायको उठली. मुलीला तिने माझ्या स्टुलापाशी बसवलं, नवऱ्याच्या पायातल्या चपला काढल्या, पदराने पुसल्या आणि मांडीवर घेऊन रेघेवर बसली.

"जा," ती म्हणाली. "माझ्याकडं आहेत. कोणाला काही विचारायचं असेल तर मला विचारेल."

तिने भावाकडे पाहिलं. मेव्हण्याने मान दुसरीकडे फिरवली. त्या मान फिरवण्यालाच सगळ्यांनी हो मानलं. विस्तव आत गेला.

थोड्या वेळाने धूर पुन्हा काळा झाला. ताडपत्रीखाली कोणी आनंद केला नाही, पण लोक खाली बसले. मी मुलीला मूठभर फक्की दिली. ती मातीत चौकोन काढत बसली.

विस्तव बाहेर आला तेव्हा ऊन कलत आलं होतं. तो पायाच्या कडांवर चालत होता, गरम वाळूवर चालावं तसा. रेघेपर्यंत आला आणि पांढऱ्या फक्कीवर तांबडे ठसे उमटले.

मागून एक जण ओरडला, "काच! काच कुठं असते रे? साचेखात्यात! बाटल्या काढायला शिकवत होता आत, त्या ट्रकवाल्यांना!"

बघा, कशी गंमत असते. अनवाणी माणूस काचेवर जाऊ शकत नाही, हा त्यांचा भरवसा होता. आणि पाय कापलेला माणूस काचेवर गेलेलाच असणार, हा त्याच भरवशाचा हिशेब. त्यात विचारायला जागाच नव्हती. मेव्हण्याचा चेहरा पांढराफटक पडला.

"दाजी, तुम्ही साचेखात्यात गेला होता?"

"नाही."

"मग?"

"वाटेवर होती काच."

"वाट झाडलेली असते."

"आज नव्हती."

"कोणी सांगावं!" मागचा ओरडला.

विस्तवाला एकदा सांगितलेलं पुन्हा सांगता येत नसे. तो चपलांकडे बघत उभा राहिला. पायाची अवस्था अशी होती की त्या घालता येणार नव्हत्या, आणि घातल्याशिवाय त्याच्या लोकांत परत जाता येणार नव्हतं.

मी गेटमधून आत गेलो. मला जायची परवानगी होती. बघितलं तर वाटभर फुटक्या बाटल्या. अंगणातल्या ढिगाऱ्यातून फुटकी काच भट्टीत घालायला मागचा रस्ता असे. नव्या माणसांना तो माहीत नव्हता. विस्तव आत असताना त्यांनी हातगाड्या या सरळ वाटेने ओढल्या आणि सांडलेलं कोणी झाडलं नाही. झाडणारा संपावर होता; इतके दिवस काम बंद, म्हणून तिथे काही सांडतच नव्हतं. मी बाहेर येऊन सांगितलं. सगळं सांगितलं, दोनदा. अहवालातही लिहिलं.

"तुमचा कागद तुमच्यापाशी ठेवा, फक्कीसाहेब," मेव्हणा म्हणाला. "ट्रकसुद्धा कागदावरच आत गेला."

मी कागद घडी करून खिशात घातला.

तेव्हा विस्तवाची बायको मांडीवरच्या चपला बाजूला ठेवून उठली. तिने स्वतःच्याही चपला काढून त्यांच्या शेजारी ठेवल्या. ताडपत्रीखालचा झाडू उचलला, कोळशाचं एक रिकामं घमेलं काखेत मारलं, आणि सरळ गेटवर गेली.

व्यवस्थापक म्हणाला, "बाई, बाहेरच्यांना आत सोडता येत नाही. कामावर येणाऱ्यांनाच."

"कामावरच आलेय," ती म्हणाली. "झाडायला. पगार नको."

दोन्ही बाजूंनी हसू फुटलं. रखवालदारसुद्धा हसला. व्यवस्थापक चिडला, आणि मग मला काय झालं कोण जाणे, मी म्हणालो, "अडवू नका. आज तुम्ही अडवलं असं मला लिहावं लागेल." माझा आवाज मधेच फाटला. पण तो बाजूला झाला.

ती आत वाकून झाडत होती ते जाळीतून सगळ्यांना दिसत होतं. सावकाश, घरचं अंगण झाडावं तसं, एक पाऊल झाडायचं आणि मगच पुढचं टाकायचं. घमेलं भरून ती बाहेर आली आणि भावाच्या पायाशी रेघेवर तिने ते उपडं केलं. मळकट जुन्या बाटल्यांच्या माना, बुडं, धुळीने माखलेले तुकडे. काहींवर रक्त होतं. साचेखात्यातली काच नवी, लख्ख असते. ही अंगणातल्या ढिगाऱ्यातली होती. हे तिथल्या कोणालाही शिकवायची गरज नव्हती.

मेव्हणा खाली बसला आणि एक तुकडा हातात घेऊन बघत राहिला. मागचा ओरडणारा दिसेनासा झाला.

"बघितलंस?" ती म्हणाली. "आता धर त्यांना. चालवत नाहीये."

मेव्हण्याने दाजींना पाठुंगळी घेतलं आणि दवाखान्यात नेलं. चपला त्याच्या हातात होत्या. मी त्याला माफी मागताना ऐकलं नाही. बहुतेक त्याने मागितलीच नाही. पण दुसऱ्या दिवशी मी रेघ मारायला गेलो तेव्हा तो झाडू घेऊन, चपला काढून, रेघेपाशी उभा होता. व्यवस्थापक म्हणाला, त्यांचा माणूस आत येणार तर आमचाही एक सोबत राहील. राहू दे, मेव्हणा म्हणाला. तेव्हापासून संप मिटेपर्यंत रोज दोघं वाट झाडायचे, एक इकडचा, एक तिकडचा. एकमेकांशी एक शब्द बोलायचे नाहीत. विस्तवाचे सोबती त्या वाटेने आत जात राहिले, आणि पायाच्या जखमा भरल्यावर तोही. एका पायाचं बोट मात्र पुन्हा कधी वाकलं नाही.

संप मिटला. पाळी लहान झाली. इथे गोष्ट संपली असती तर मी त्या मुलीला पहिल्याच दिवशी लिहिलं असतं: होय बाळ, बरोबर होतं.

तसं लिहिलंही होतं, आणि फाडलं. कारण काही वर्षांनी मालकाने तो कारखाना बंद केला. संप नाही, भांडण नाही. त्याला जागा विकायची होती. भट्टी आठवडाभरात गार झाली. मी बातमी वाचून तिकडे गेलो होतो. विस्तव गेटसमोर उभा होता, धुराड्याकडे बघत. मला बघून त्याने नमस्कार केला.

"बघा साहेब," तो म्हणाला. "मालकाला कोणी विचारलं नाही, चपला कुठं ठेवल्यास म्हणून."

मग तो चालायला लागला, एका पायाच्या कडेवर. त्यानंतर आमची भेट झाली नाही.

ज्या आगीसाठी पाय अधू झाला ती शेवटी अशी विझली. मग ते बरोबर होतं म्हणायचं का? आणि चूक म्हणायचं, तर मधली ती वर्षं, त्यांवर वाढलेली घरं, ती मुलगी स्वतः, यांचं काय करायचं? मी पुस्तकं काढून बसलो. पुस्तकांत हक्कांबद्दल पुष्कळ सापडलं. विस्तवाबद्दल काही सापडेना. कागद चुरगळत गेले.

आणि त्यातच एका सकाळी सूनबाईने वर्तमानपत्र माझ्यापुढे धरलं. हॉस्पिटलचा संप सुरू झाला होता.

"झालं तुमचं उत्तर?" तिने विचारलं. आज ती थट्टा करत नव्हती.

मी रक्तदाब तपासून येतो म्हणालो आणि निघालो. पत्र खिशात होतं.

हॉस्पिटलच्या गेटवर एका बाजूला संपवाल्या बायका बसल्या होत्या, दुसऱ्या बाजूला रखवालदार. गेट उघडं होतं. म्हणजे बंद करायचं म्हणणाऱ्यांचं चाललं नव्हतं, निदान आज तरी. मधे वाट होती. पण वाट म्हणायची आणि काय! कोणाच्या दुचाक्या उभ्या, कर्ण्याच्या वायरीचं भेंडोळं पडलेलं, फलक उडू नये म्हणून ठेवलेल्या विटा, पाण्याचं डबकं. एक माणूस आपल्या म्हाताऱ्या वडिलांना चाकाच्या खुर्चीतून आणत होता. चाक विटेला अडलं.

"अहो, जरा बाजूला घ्या ना हे," तो रखवालदाराला म्हणाला.

"आमचं नाही ते. त्यांचा पसारा आहे."

"वाट हॉस्पिटलची आहे," संपातली एक जण म्हणाली. "त्यांनी साफ ठेवावी. आम्ही कोणाला अडवलंय का? या की आत!"

खरंच कोणी कोणाला अडवलं नव्हतं. म्हातारा खुर्चीत मान टाकून बसला होता आणि त्याचा मुलगा चाक मागे-पुढे करत होता.

मी वाकलो आणि वीट उचलली. खुर्ची पुढे गेली. वीट हातात घेऊन मी उभा राहिलो. या बाजूला ठेवावी तर यांची, त्या बाजूला ठेवावी तर त्यांची. तेवढ्यात मला ती दिसली. हनुवटी थेट आईची. ती संपवाल्यांच्या कडेला उभी होती, घडी घातलेला पांढरा कोट हातावर, एक पाय रेघेवर असावा तशी. रेघ नव्हती तिथे. तिची नजर त्या खुर्चीवर होती.

चार पावलं गेलो असतो तर तिच्याशी बोलता आलं असतं. पण कर्णा चालू होता, इतकी माणसं होती, आणि मी कोण म्हणून सांगणार? मला ते जमलं नाही. मी रस्ता ओलांडला आणि समोरच्या पोस्टात शिरलो. आंतर्देशीय पत्र घेतलं आणि तिथल्याच उभ्या टेबलावर, दोरीला बांधलेल्या पेनाने लिहिलं. या वेळी काही खोडलं नाही.

"बाळ, बाबा आत गेले ते बरोबर होतं का, हे मला अजून ठरवता आलेलं नाही. ते आपल्या लोकांना विचारून आत गेले आणि आपल्या लोकांतच बाहेर आले, हे मी पाहिलं आहे. त्यांचे पाय कापले ते आत गेल्यामुळे नव्हे. वाट कोणी झाडायची हे ठरलं नव्हतं, म्हणून कापले. मग तुझी आई झाडू घेऊन आत गेली. दुसऱ्या दिवसापासून तुझा मामा रोज झाडायचा. त्याला हे पत्र दाखव, आता तो सांगेल. तुमची वाट मी आज पाहिली. तुमच्यातली एक आणि त्यांच्यातला एक, असे दोघं रोज सकाळी तिथं उभे करा. आणि तू आत जाशील तेव्हा तुझं काहीतरी बाहेर, तुझ्या माणसांपाशी ठेवून जा. उत्तराला फार उशीर झाला. विटेबद्दल कोणी विचारलं तर ती मी नेली आहे."

पत्ता लिहून मी तिकिटाच्या खिडकीवर विचारलं, एवढ्यावर जाईल ना. आतल्या बाईने पत्ता वाचला, मग माझ्याकडे पाहिलं, मग काखेतल्या विटेकडे.

"काका, हे तर समोरच आहे की. नेऊन द्या ना हातोहात."

"नको," मी म्हणालो. "पोस्टानंच जाऊ दे. कधी मिळेल?"

"उद्या सकाळी. अहो, पण समोर..."

"उद्या चालेल," मी म्हणालो.

बाहेर येऊन पत्र पेटीत टाकलं. आत पडल्याचा आवाज आला, तरी फटीत बोटं घालून खात्री करून घेतली. मग वीट पेटीच्या खाली, भिंतीला लागून, कोणाच्या पायात येणार नाही अशी ठेवली आणि हात झटकले.